तिसऱ्या रिळातलं तुझं बोलणं

आबा, तुला मी तू असंच लिहिणार आहे. गडब गावातल्या आपल्या घरात बापाला कोणी तुम्ही म्हटलं नाही, आणि पुढे मी बोलण्यातलं बरंच काही बदललं तरी तेवढं बदललं नाही. तू गेलास त्याला तीस वर्षं होऊन गेली. तुझे जावई गेले त्याला तीन. रोह्याला लागून वरसे आहे, तिथे आता सगळीकडे इमारती झाल्या आहेत, त्यातल्या एकीत दुसऱ्या मजल्यावर मी राहते. स्वयंपाक सकाळी एकदाच करते आणि मग वाचत बसते. रडू फारसं येत नाही. पण नऊच्या सुमारास खिडकीतून ऊन फरशीवर येतं तेव्हा मी अजून सवयीने म्हणते, बघा, आलं. मग लक्षात येतं, की ते बघायला उठणारा माणूस नाही. असं रोज होतं. आता त्याचं नवल वाटत नाही.

तुला लिहायचं कारण असं, की दोन महिन्यांपूर्वी पुण्याहून एका बाईंचा फोन आला. जुने सिनेमे साफसूफ करून पुन्हा दाखवता येतील असे करणं, हे त्यांचं काम. त्यांना ह्यांचा बांधाचा सिनेमा सापडला होता, तुझा सिनेमा. डबे उघडले तर चित्र बरं निघालं, पण तिसऱ्या रिळाचा आवाज पार गेलेला होता. पाच रिळांचा सिनेमा, त्यातली दहा-अकरा मिनिटं मुकी. त्या म्हणाल्या, "काकू, आवाज कुठूनच मिळत नाहीये. आम्ही ते रीळ तसंच मुकं दाखवू आणि खाली बोलणं लिहू. डायलॉगची वही तुमच्याकडे आहे असं कळलं. त्यात जे आहे तेच लिहायचं ना?" हो म्हणून टाकलं असतं तर हे पत्र लिहावं लागलं नसतं. मी म्हटलं, "थांबा, मी एकदा बघून सांगते." ती वही माझ्याच अक्षरात आहे, आबा. तुझ्या तोंडी काय घालायचं ते मीच ठरवलं होतं, हे त्या बाईंना माहीत नव्हतं. हे आमच्या दोघांशिवाय कोणालाच माहीत नव्हतं.

सगळं सांगायचं तर आधीपासून सांगायला हवं. तुझे जावई आपल्या गावात पहिल्यांदा आले ते लग्नाचे फोटो काढायला, रोह्याच्या एका स्टुडिओतर्फे. तू मांडवाच्या कडेला बसून त्यांच्याकडे बघत होतास. ते प्रत्येक फोटोला डावा डोळा गच्च मिटायचे, आणि फोटो झाला तरी तो डोळा उघडायला थोडा वेळ घ्यायचे. पुढे मागणी आली तेव्हा तू आईला म्हणालास, "एका डोळ्याचा जावय. बाकी माणूस गरीब हाय." गरीब म्हणजे स्वभावाने. ते नाव पुढे कायम राहिलं. मी माहेरी आले की तू विचारायचास, "काय गो, एकडोळ्या कुठं हाय?" त्यांना ते कळलं तेव्हा ते इतके हसले, की मला वाटलं आता रागावतील. म्हातारपणी डोळ्यांच्या डॉक्टरांनी सांगितलं, की त्यांचा उजवा डोळा शिणलाय, मात्र डावा अगदी ठणठणीत आहे. "म्हणजे जो आयुष्यभर झाकून ठेवला तोच चांगला राहिला," ते म्हणाले, "आबांना सांगायला पाहिजे होतं."

लग्नानंतर ते मुंबईला कॅमेऱ्याच्या कामात शिरले. सहा वर्षं दुसऱ्यांचे दिवे उचलले, स्टँड वाहिले, काचा पुसल्या. मग छोट्या लोकांच्या छोट्या फिल्म त्यांच्याकडे येऊ लागल्या. धरणावरची, मिठागरावरची, लसीकरणावरची. मोठ्या कंपनीचं काम कधी आलं नाही, आलं तेव्हा त्यांनी नाही म्हटलं. रोह्याच्या घरी महिन्यातून चार दिवस असायचे. त्या चार दिवसांत एकदा मला म्हणाले, दुसऱ्याच्या सिनेमात मी उजेड लावतो, मला एक असा सिनेमा करायचाय ज्यात मी उजेडाची वाट बघेन. मला तेव्हा ते नीट कळलं नाही. मी चौथी शिकलेली. वाण्याच्या पुडीचे कागद सरळ करून वाचायची, मग पेणच्या वाचनालयात नाव घातलं, मग ते मुंबईहून पुस्तकं आणू लागले. कळत नसलेलं पुन्हा पुन्हा वाचायची मला सवय लागली होती, तसं मी त्यांचं बोलणंही मनात ठेवून द्यायची.

त्याच दिवसांत ते मला एकदा पुण्याला घेऊन गेले. सिनेमा बघणाऱ्या लोकांची कसलीशी मंडळी होती, त्यांच्याकडे चहा होता. एका बाईंनी विचारलं, तुम्ही पण येता का शूटिंगला? मी म्हटलं, "नाय." त्या हसल्या, वाईट हसल्या नाहीत, आणि हळूच म्हणाल्या, "नाही." जसं लहान पोराच्या शर्टाचं बटण लावून द्यावं तसं. त्यांना आठवतही नसेल. मी मात्र त्या दिवसापासून घरात एकटी असताना नाही, नाही, आहे, आहे, होय, होय असं म्हणून बघायला लागले. भांडी घासताना म्हणायची. सहा महिन्यांत जमलं. पुढच्या वेळी गडबला आले तेव्हा तू अंगणात वाल सोलत बसला होतास. मी काहीतरी सांगत होते, आणि तू हात थांबवून ऐकत होतास. मग आईला म्हणालास, "ही आता पेपरसारखी बोलतंय." मी मनातून खूश झाले, आबा. तू ते टोचून बोललास हे मला दोन दिवसांनी कळलं.

मग ह्यांनी तो सिनेमा करायचं ठरवलं. खाडीच्या बांधाची राखण करणारा एक म्हातारा, मुलं कंपनीत शिफ्टला जाणारी, आणि बांध फुटून शेतात शिरणारं खारं पाणी. गोष्ट एवढीच. धरमतरच्या बाजूला खाडीकाठचा एक बांध त्यांनी पसंत केला. कॅमेरा भाड्याचा, माणसं सात, त्यात मी एक. भात कापून झालं होतं, शेतात वाल टाकला होता, सकाळी धुकं आणि दुपारी पांढरं ऊन. म्हाताऱ्याच्या कामाला मुंबईहून एक नट आणला होता. सभ्य माणूस, आवाज भारदस्त. पण बांधावर अनवाणी चालायला लागला की दर चार पावलांना घसरायचा. तू गडबहून आमच्यासाठी भाकऱ्या आणि सुकटीची चटणी घेऊन आला होतास. दुसऱ्यांदा तो पार चिखलात बसला तेव्हा तू सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालास, "ह्याला बांधाव चालता येत नाय, आन हा राखण काय करनार? पानी ह्यालाच घेऊन जायचं." सगळे हसले, तो नटही हसला. ह्यांनी विचारलं, "मग कसं चालायचं?" तू डोक्यावरचं फडकं सोडून कमरेला बांधलंस आणि चालून दाखवलंस. टाच न टेकता, अंगठ्याने माती चाचपत, बाजूला खाडी नाहीच असं. तू परत आलास तेव्हा हे कॅमेऱ्यामागून उठले, आणि मला त्यांच्या चेहऱ्यावरूनच कळलं, की ते तुला चालताना टिपत होते. नटाला त्यांनी संध्याकाळच्या गाडीने मुंबईला पाठवलं.

तेवीस दिवस तू काम केलंस. तुझ्या लेखी ह्यांचं एकच चुकायचं. ते म्हणायचे, "आबा, परत एकदा." तू म्हणायचास, "परत कशाला? आता झाला नाय काय?" "झालं, पण ढग आला होता." "मंग ढगाला सांग ना परत यायला." पण करायचास. मात्र दर वेळी वेगळंच काहीतरी बोलायचास, कारण कागदावरचं तुला वाचता येत नव्हतं, आणि सांगितलेलं तुला पटलं तरच तू म्हणायचास. ह्यांनी शेवटी सांगून टाकलं, तुम्हाला जे बोलायचं ते बोला, आवाज नंतर भरायचा आहे. त्या कॅमेऱ्याची घरघर इतकी, की तिथे आवाज घेऊन उपयोग नव्हता. फक्त कोण काय बोललं ते लक्षात राहावं म्हणून एक छोटा टेपरेकॉर्डर चालू ठेवायचे.

आता त्या दिवसाचं. दुपारचे बारा-साडेबारा, पाण्यावरून ऊन उलटं तोंडावर येतंय. कॅमेरा तापला की आतली फिल्म बिघडते, म्हणून त्याच्यावर छत्री धरायची असते, आणि ते काम माझं. काळी पुरुषी छत्री, तुझीच, गडबहून आणलेली. दोन्ही हातांनी ती कॅमेऱ्यावर धरून मी उभी आहे, डोक्यावर पदरही नाही, घाम डोळ्यात जातोय. तुला फक्त बांधावरून चालत यायचं होतं, थांबायचं होतं आणि फुटलेल्या जागेकडे बघायचं होतं. बोलायचं काही नव्हतं. तू आलास, थांबलास, आणि बघितलंस ते माझ्याकडे. कॅमेऱ्याच्या किंचित बाजूला. आणि बोललास. धरमतरच्या जेटीकडे माल घेऊन जाणारा एक बार्ज तेव्हाच खाडीतून चालला होता, त्याचं इंजिन धडधडत होतं. तू बोलून झाल्यावरही बघत राहिलास. मग ढग आला, हे म्हणाले, कट. मग मला विचारलं, "आबा काय म्हणाले? मला ऐकू नाही आलं."

मी म्हटलं, "मलाही नाही आलं."

आबा, मला आलं होतं. तू म्हणालास, "गो, छत्री त्या डब्याव कशाला धरलीस? तुझ्या डोक्याव घे."

खोटं का बोलले ते मी पुष्कळदा उलटसुलट करून बघितलंय. एक तर ह्यांचा चेहरा. ते म्हणाले, असा चेहरा मला पुन्हा मिळणार नाही. तू छत्रीबद्दल बोललास असं मी सांगितलं असतं, तर तो चेहरा बांधासाठी नव्हता, माझ्यासाठी होता, हे त्यांना कळलं असतं, आणि त्यांनी तो कापून टाकला असता. ते फार सरळ होते त्या बाबतीत. हे झालं एक कारण. दुसरं कारण मी ह्यांनाही कधी सांगितलं नाही. बाजूला ते मुंबईचे पाच लोक उभे होते, आणि माझा बाप सगळ्यांसमोर मला गो म्हणतो, कॅमेऱ्याला डबा म्हणतो. मला लाज वाटली.

महिन्याभराने मी रोह्याच्या घरी ओट्याशेजारी बसून कॅसेटवरून तुझं बोलणं वहीत उतरवत होते. उतरवायला दुसरा माणूस ठेवण्याची ऐपत नव्हती, आणि हे अभिमानाने सांगायचे, की माझी बायको उतरवून घेते. तू म्हणालेलास, हाय. मी लिहिलं, आहे. तू म्हणालेलास, नाय बा. मी लिहिलं, नाही. व्हय जिथे होतं तिथे होय. कोणी मला असं कर म्हणून सांगितलं नव्हतं. मी तुला नीट करत होते. तुझ्या सदऱ्याचं बटण लावून देत होते म्हण. आणि त्या बार्जच्या जागी आले तेव्हा कॅसेटवर नुसती धडधड होती. मी वही बाजूला ठेवून भात टाकला, भात होईपर्यंत विचार केला, आणि लिहिलं: समुद्र आत येताना दार वाजवत नाही. ओठांच्या हालचालीला साधारण पुरेल एवढं. ह्यांनी वाचलं, दोनदा वाचलं, आणि विचारलं, "हे कुठून आणलंस?" मी म्हटलं, "सुचलं." त्या दिवशी मी जेवले नाही, इतका मला आनंद झाला होता.

तू स्वतःचा आवाज द्यायला मुंबईला यायला तयार होतास, तेही तुला आठवत असेल. आईने कोट शिवायचं काढलं होतं. मीच ह्यांना म्हटलं, आबांना नका नेऊ, अंधाऱ्या खोलीत उभं राहून ओठांशी ओठ जुळवायचे, त्यांना जमणार नाही, त्यांना वाचता येत नाही. तुला वाचता येत नाही हे खरंच होतं. पण तू आला असतास तर कागद बाजूला ठेवून तुझंच बोलला असतास, मला त्याची भीती होती. हे त्याच घसरणाऱ्या नटाला बोलवू म्हणाले. चांगला माणूस, अपमान विसरून आला. त्याने तुझ्या तोंडात माझी वाक्यं म्हटली.

पेणला शाळेच्या हॉलमध्ये रविवारी सकाळी दाखवला तो सिनेमा. गडबहून टेम्पो भरून माणसं आली. तू पहिल्या रांगेत, धुतलेल्या टोपीत, मी तुझ्या शेजारी. पडद्यावर तू बांधावरून चालत आलास, आणि लोक ओरडले, बघ, बघ, म्हातारा बघ. मग पडद्यावरचा तू बोललास. हॉल एकदम गप्प झाला, आणि मागून कोणीतरी म्हणालं, "म्हाताऱ्या, पुन्याला कवा शिकायला गेलेलास?" ते हसू मला अजून ऐकू येतं. तूही हसलास. मग माझ्याकडे वळून म्हणालास, "ह्यो कोन बोलतंय?" मी म्हटलं, "आबा, तसंच असतं सिनेमात." तू मान हलवलीस. मग ती छत्रीची जागा आली. तू पडद्याकडे बघितलंस, खाली बघितलंस, आणि म्हणालास, "मी असा नाय बोललो." हळू बोलायची तुला सवय नव्हती. मी म्हटलं, "आबा, गप बस." आयुष्यात एकदाच तुला असं म्हटलं. तू गप्प बसलास, शेवटपर्यंत.

बाहेर आल्यावर लोक ह्यांना भेटत होते. पेणच्या एका मास्तरांनी त्यांना मिठीच मारली, काय वाक्य लिहिलंत म्हणाले. आपण दोघं टेम्पोपाशी उभे होतो. तू फडक्याने टोपी झटकलीस, मग पुन्हा झटकलीस, आणि माझ्याकडे न बघता विचारलंस, "तुला आयकू आला नवता काय गो, त्या दिवशी?" तू रागाने विचारलं नाहीस. तुला नुसतं जाणून घ्यायचं होतं. मी म्हटलं, "नाही आबा. बार्ज चालला होता ना." तू म्हणालास, "व्हय. बार्ज व्हता." आणि टेम्पोत चढलास. त्यानंतर पंधरा महिन्यांनी तू गेलास. मधल्या काळात मी चार-पाच वेळा माहेरी आले असेन. तू सिनेमाचा विषय काढला नाहीस. गावात कोणी चिडवलं तर सांगायचास, "चालतोय तो मीच हाय. बोलतोय तो दुसराच हाय." आईने मला ते तुझ्या तेराव्याला सांगितलं, हसत सांगितलं, आणि मग तिला हसू आवरेना, आणि मग तिला रडू आवरेना.

ह्यांचं पुढे काय झालं ते तुला थोडक्यात सांगते. तो सिनेमा थिएटरात लागला नाही. सिनेमाच्या मंडळींनी दाखवला, दोन-तीन परगावांत गेला, टीव्हीवर एकदा दुपारी लागला. पण ज्यांनी बघितला ते ते वाक्य सांगायचे. एका मासिकाने ह्यांच्यावर लेख लिहिला तर वर मथळा तोच, समुद्र दार वाजवत नाही. ह्यांनी दुसरा सिनेमा सुरू केला, तो अर्धा राहिला. त्यानंतर लहान लहान तीन केले. पोटासाठी मालिकांचं कॅमेरावर्क केलं, कंपन्यांच्या सुरक्षेच्या फिल्म केल्या, हेल्मेट घाला, गॅसचा वास आला तर पळा. फिल्म बंद पडून सगळं संगणकावर आलं तेव्हा पन्नाशी उलटली होती, तरी पहिल्यापासून शिकले. कधी कुरकुर केली नाही. पण सिनेमा कोणता, असं कोणी विचारलं की बांधाचाच सांगायचे, आणि मग समोरचा ते वाक्य म्हणायचा, आणि मग ते माझ्याकडे बघायचे. मी आत चहा टाकायला जायची. टायटलमध्ये माझं नाव घालायचं म्हणाले होते, मीच नको म्हटलं होतं. दिसायला तो विनय होता.

शेवटच्या पावसाळ्यात त्यांना चालताना धाप लागायची, म्हणून खिडकीशी खुर्ची टाकली होती. एक दिवस मी फोनवर वाचनालयाच्या बाईंशी बोलत होते, छत्री विसरलेय तुमच्याकडे, एवढंच. फोन ठेवला तर हे म्हणाले, "छत्री म्हणताना माणसाचे ओठ कसे होतात माहितीये? आधी रुंद होतात. मग शेवटी दात दिसतात." मी त्यांच्याकडे वळले. ते म्हणाले, "तो शॉट मी एडिटिंगच्या टेबलावर शंभर वेळा पुढेमागे केलाय गं. समुद्र म्हणताना ओठ मिटतात. आबांचे तिथे, सुरुवातीला, कुठे मिटलेत?"

"तुम्हाला माहीत होतं?"

"पहिल्या आठवड्यापासून."

"मग बोलला नाहीत?"

"काय बोलणार? तू किती खूश होतीस तेव्हा." मग थोडा दम घेऊन म्हणाले, "आणि मलाही तो शॉट हवाच होता. तुझ्या खोट्याने माझं काम झालं. आपण दोघांनी मिळून म्हाताऱ्याला गप्प केलं." एवढं बोलून ते खिडकीबाहेर बघत बसले, आणि मी त्यांच्या पायावर पांघरूण घातलं, आणि तो विषय पुन्हा निघाला नाही. दिवाळीच्या आधी ते गेले.

तर पुण्याच्या बाईंचा फोन आला तो असा. त्यांनी ते तिसरं रीळ माझ्या फोनवर पाठवलं. शेजारच्या सूनबाईने ते टीव्हीला जोडून दिलं आणि म्हणाली, "काकू, आवाजच येत नाहीये." मी म्हटलं, तसंच आहे ते. ती गेल्यावर मी दार लावलं आणि समोर बसले. ह्यांचं ऊन तसंच आहे, आबा. बांधाच्या मातीवरची भेगसुद्धा दिसते. आणि तू. बाकीच्या चार रिळांत तो दुसरा माणूस तुझ्या तोंडून बोलतो, आणि ते आता बदलणार नाही. ह्या एका रिळात तुझ्या ओठांवर कोणाचाही आवाज नाही. पुण्याच्या बाई हळहळत होत्या, पण मला सगळ्या सिनेमात हीच दहा मिनिटं बघवली.

वही मांडीवर घेऊन मी आठ दिवस बसले. थांबवायचं, मागे घ्यायचं, ओठ बघायचे, तोंडाने म्हणून बघायचं, लिहायचं. तुझं बोलणं मला ओळखू येत होतं. आहे खोडून हाय. नाही खोडून नाय. मध्येच तू एका ठिकाणी वहीतलं काहीच बोलत नाहीस, नुसता खाकरतोस, तिथे मी त्या नटाला अख्खं वाक्य दिलेलं होतं. तेही काढलं. आणि छत्रीच्या जागेला मी शेवटी हात घातला. ह्यांचा विचार येत होता. ते वाक्य गेलं, तर लोक ज्यासाठी त्यांचा सिनेमा लक्षात ठेवतात तेच जाईल. जिवंत असते तर विचारलं असतं. ते नाहीत, म्हणून दोन दिवस थांबले, आणि मग समुद्र खोडला. त्याखाली तुझं लिहिलं. लिहून वाचलं तर माझ्या हाताने लिहिलं होतं, छत्री त्या डब्यावर कशाला धरली आहेस. इतकं ठरवून बसले होते तरी. ते खोडून पुन्हा लिहिलं.

पण एक गोष्ट मला तोपर्यंत माहीत नव्हती. डोक्याव घे म्हणून झाल्यावर तुझे ओठ आणखी हलतात. दोन शब्द, फार तर तीन. त्या दुपारी माझं लक्ष बाजूच्या लोकांकडे गेलं असणार, मी ते ऐकलंच नाही. तीन दिवस बघितलं. ह्यांनी ओळखलं असतं. मला नाही ओळखू आलं. पुण्याच्या बाईंना फोन करून सगळं सांगितलं, वही कोणाची, बोलणं कोणाचं, खोटं कोणाचं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "काकू, पण ते वाक्य... लोक तेच ऐकायला येतील."

"येऊ देत. त्यांना छत्री वाचू देत."

"आणि त्यापुढचे ते दोन शब्द?"

"तिथे काही लिहू नका. नुसते ओठ हलू देत."

त्यांना ते चालेल असं म्हणाल्या. माझ्या नावाचं काय करायचं ते विचारलं, मी म्हटलं ते नंतर बघू.

हे पत्र कुठे टाकायचं नाही, वहीच्या मागच्या पानांत राहील. तुला वाचता येत नव्हतं म्हणून आज दुपारी मी हे पहिल्यापासून मोठ्याने वाचलं. माझी वाक्यं नीट वाचली. तुझी वाक्यं आली, की शेजारी ऐकू जाईल म्हणून दर वेळी माझा आवाज खाली गेला.